आजीच्या लुगड्यांचं जॅकेट : आधी कापलं, मग शिवलं, आता अंगात जात नाहीये

रंगीत_चिंधी
सोमवार, रात्री ११:२०

नमस्कार मंडळी. दोन वर्षं नुसती वाचनमात्र होते, आज रडायला आलेय.

झालं असं की आजीची दोन लुगडी माझ्याकडे आली. एक हिरवं इरकल, लाल काठाचं, आणि एक साधं सुती, इतकं धुतलेलं की हातात घेतलं की लोणी. घरात सगळ्यांचं म्हणणं गोधडी शिवून घे, पण गोधड्या आमच्याकडे सहा आहेत आणि आमचा नाशिकचा गारठा सकाळी स्कूटरवर लागतो, पलंगावर नाही. म्हणून ठरवलं की गोधडीसारखंच थर लावून, वरून शिलाया मारून जॅकेट करायचं. कमरेच्या खालपर्यंत, पुढे बटणं, साधी बाही.

मापासाठी माझंच एक ढगळ डेनिमचं जॅकेट कागदावर उतरवून घेतलं. माझी छाती ३८, जॅकेट ४२ धरलं. वर इरकल, मध्ये आजोबांची जुनी पातळ लोकरी शाल, तिच्याखाली सुती लुगडं, आणि आतून नवीन कॉटनचं अस्तर, मेंदी रंगाचं, खूप छान मिळालं होतं. चारही थर एकावर एक ठेवून कागदाप्रमाणे कापले, शिवणीसाठी अर्धा इंच मार्जिन ठेवलं. पाठ २२ इंच, पुढचे दोन भाग साडेअकरा साडेअकरा. मग टाचण्या लावल्या आणि एक एक इंचावर उभ्या शिलाया मारत सुटले.

पाठ पूर्ण झाल्यावर मोजली तर २१. मला वाटलं मोजताना चुकले. पुढचा एक भाग ११, दुसरा पावणेअकरा. म्हणजे एकाच कागदावरून कापलेले दोन तुकडे, आणि एकमेकांचे नाहीत. शिवाय शिलायांच्या मधे मधे तिरक्या सुरकुत्या, आणि आतल्या बाजूने अस्तराला फुगे. मी म्हटलं धुतल्यावर बसेल सगळं. मशीनमध्ये टाकलं, कोमट पाणी, नेहमीचं सेटिंग.

आता पाठ २०, पुढचे भाग साडेदहा आणि सव्वादहा.

बाह्या अजून कापल्या नाहीत एवढंच नशीब. इरकल आता उरलेलं फार नाही, पदर मी हात न लावता ठेवलाय. कुणी सांगेल का की हे का झालं आणि यातून काही निघेल का? आई म्हणतेय उशीचे अभ्रे कर. मला अभ्रे नकोत.

दाभणकर
सोमवार, रात्री ११:५२

अगं बाई शाल मशीनमध्ये धुतलीस? तीही कोमट पाण्यात?? झोपायला निघाले होते, हे वाचून परत चष्मा लावला.

लोकरीच्या धाग्याला बारीक खवले असतात, कोमट पाण्यात घुसळलं की ते एकमेकांत अडकतात आणि मग सुटत नाहीत. शाल नुसती आटली नाही, ती घट्ट झाली, आता ती पहिल्यासारखी व्हायची नाही. आणि तू तिला इंचाइंचावर शिवून ठेवलंय म्हणजे ती जाताना बाकी तिघांना घेऊन गेली. इरकल बिचारं निमूट गेलं असेल मागोमाग.

पण खरी चूक त्याच्या आधीची आहे. आमच्याकडे साताऱ्याकडे वाकळ शिवताना कुणी आधी मापाने कापतं का? थर अंथरायचे, चारी बाजूंनी चांगले हात हातभर जास्त, कच्चे टाके घालायचे, धावदोरा घालून संपवायचं आणि सगळ्यात शेवटी कडा सारख्या करून गोट लावायचा. कारण प्रत्येक टाक्यागणिक कापड थोडं आत येतंच. दोरा खाली जातो वर येतो, त्याच्याबरोबर कापडही तेवढं वरखाली होतं, मग लांबीत कमी पडणारच ना. वाकळ दोन इंच कमी भरली तर कुणाचे पाय उघडे पडत नाहीत, जॅकेटला दोन इंच म्हणजे दोन वर्षांचं वाढलेलं पोट.

उद्या नीट लिहिते. अभ्रे करू नकोस.

साडेतीन_मीटर
मंगळवार, सकाळी ९:१०

दाभणकाकूंशी शंभर टक्के सहमत. माझं डोंबिवलीत छोटं शिलाईकाम आहे, ब्लाउज आणि मुलांचे कपडे मुख्य. मी नवीन मुलींना पहिल्या दिवशी हेच शिकवते की कापडाचं रूप बदलायचं असेल तर ते आधी बदला आणि कात्री नंतर. पिनटक (बारीक शिवलेल्या घड्या) असोत, प्लेटा असोत, स्मॉकिंग (चुण्या घालून त्यावर भरतकाम) असो, थर लावून शिलाया असोत, सगळ्याला हेच. कुर्त्याच्या पुढच्या भागावर २० पिनटक घालायचेत, प्रत्येक ३ मिलिमीटरचा, तर एकेक टक दुप्पट म्हणजे ६ मिलिमीटर कापड खातो, झाले १२ सेंटीमीटर. पावणेपाच इंच! हे कापड आधी कापलेल्या तुकड्यातून कुठून आणणार. म्हणून अख्ख्या कापडावर आधी टक घालायचे, इस्त्री मारायची, मग त्यावर कागद ठेवून कापायचं. टकांचं गणित तरी नेमकं मांडता येतं, क्विल्टिंगमध्ये, म्हणजे थर लावून शिवण्यात, किती जाईल ते थरांच्या जाडीवर, दोऱ्याच्या ताणावर आणि आपल्या हातावर असतं, म्हणून मी दहा बाय दहाचा नमुना करून मोजते आणि तरी दोन इंच जास्तच ठेवते.

दुसरं म्हणजे अस्तर. नवीन कॉटन अस्तर न भिजवता लावलंत ना? खरं सांगा.

रंगीत_चिंधी
मंगळवार, सकाळी ९:३५

हो 🙈 दुकानदार म्हणाला होता आटत नाही.

साडेतीन_मीटर
मंगळवार, सकाळी ९:४१

दुकानदार सगळेच म्हणतात. साधं कॉटन पहिल्या धुण्यात शंभराला तीन ते पाच सहज आटतं. २२ इंचाच्या पाठीला तीन टक्के म्हणजे पाऊण इंचाच्या जवळ गेलं की. ब्लाउजमध्ये हेच होतं बघा, वरचं रेशीम तेवढंच राहतं आणि अस्तर आत ओढतं, मग गळ्याजवळ झोळ आणि बायका म्हणतात टेलरने बिघडवलं. मी अस्तराचं कापड आलं की रात्रभर बादलीत, सकाळी न पिळता दोरीवर, थोडं ओलसर असताना इस्त्री. गिऱ्हाइकाने घाई केली तर सांगते दुसरीकडे जा.

उलट तुमचं सुती लुगडं बघा, ते ३० वर्षं धुऊन झालंय, त्याचं जे आटायचं ते केव्हाच आटलं. जुन्या कापडाचा हा मोठा गुण आहे. तुमच्या चार थरांत तेच एक शहाणं होतं.

मिलचाळ
मंगळवार, सकाळी ११:०५

शिवणकामातलं मला बटण लावण्यापलीकडे काही येत नाही, पण आटण्यावरून आठवलं. आमचे वडील परळच्या एका गिरणीत होते, प्रोसेसिंगला. तेव्हा कापडाच्या ताग्याच्या काठावर 'सॅन्फोराइज्ड' असा शिक्का असायचा आणि लहानपणी मला ते कंपनीचं नाव वाटायचं. ती प्रक्रिया आहे. ओलसर कापड जाड रबरी पट्ट्यावरून नेतात, पट्टा ताणलेला असतो तो सैल होतो तेव्हा त्याच्याबरोबर कापडही लांबीत दाबलं जातं, म्हणजे घरी जे आटायचं ते कारखान्यातच आटवून पाठवायचं. सॅनफर्ड क्लुएट नावाच्या अमेरिकन माणसाने काढली, १९३० ला पेटंट, त्याच्याच नावावरून शब्द. वडील घरी शर्टाचं कापड आणायचे तेव्हा आई तरीही भिजवायची. ते चिडायचे, म्हणायचे मी स्वतः आटवलंय ते. ती म्हणायची असू दे.

अवांतराबद्दल क्षमस्व.

दाभणकर
मंगळवार, दुपारी २:१५

असं अवांतर चालतंय. आई बरोबर होती तुमची.

चिंधी, आता तिरक्या सुरकुत्यांचं. मशीनचे खालचे दाते फक्त खालचं कापड मागे ओढतात. वरच्या कापडावर पायपट्टीचा, म्हणजे सुईजवळ कापड दाबून धरते तिचा, दाब असतो, ते तेवढं सरकत नाही. एका थराला काही कळत नाही, चार थर झाले की वरचा थर शिलाईच्या शेवटी पाव इंच उरतो, आणि तू पुढची शिलाई उलट दिशेने मारलीस (मारली असशीलच, सगळे मारतात, दोरा न तोडता वळवून) की तो उरलेला भाग उलटीकडे ढकलला जातो. एक शिलाई वर ओढते एक खाली, मधलं कापड तिरकं. म्हणून सगळ्या शिलाया एकाच बाजूने मारायच्या आणि पाठीच्या मध्यापासून सुरू करून डावीउजवीकडे जायचं, कडेपासून नाही. दोरा वाया जातो, जाऊ दे.

आणि नुसत्या टाचण्यांवर भागत नाही गं. टाचणी दोन ठिकाणी धरते, मधलं सरकतंच. जमिनीवर अंथरून लांब लांब तिरपे कच्चे टाके घालायचे, चार बोटांच्या अंतरावर, पांढऱ्या दोऱ्याने, नंतर काढून टाकायचे. कंबर मोडते हे कबूल. पण माझ्या सासूबाई म्हणायच्या टाचायला आळस केला की शिवायला दुप्पट बसावं लागतं, आणि त्या फार कमी वेळा बरोबर असायच्या त्यातली ही एक.

उगाच_उसवले
मंगळवार, दुपारी ३:४०

वॉकिंग फूट घ्या की, हजारभर रुपयांत मिळतो ऑनलाइन. त्याला वरूनही दाते असतात, वरचं आणि खालचं कापड बरोबर चालतं. मी घेतल्यापासून कच्चे टाके घालणं बंद केलंय.

दाभणकर
मंगळवार, दुपारी ३:५८

बसतो का पण सगळ्या मशीनला? माझ्या काळ्या पायमशीनला नाही बसला, परत केला.

उगाच_उसवले
मंगळवार, दुपारी ४:०२

आधी पायपट्टीचा दांडा लो शँक (आखूड) की हाय शँक (उंच) ते बघून घ्यावं लागतं. नाहीच बसला तर पायपट्टीच्या दांडीवर वर स्क्रू असतो तो सैल करा, दाब कमी होतो, निम्मा त्रास जातो. टाका ३ ते साडेतीन मिलिमीटरचा, सुई १६ नंबर. सुईचं ऐका हो माझं, १४ ने जाड थर शिवले की टाके सुटतात आणि आपण दोऱ्याला शिव्या देतो.

गिअरबॉक्स
मंगळवार, सायं. ७:२०

यात एक गणित कुणी मांडलं नाहीये म्हणून नाक खुपसतो (बायको म्हणते तुला त्यातलं काय कळतं, तरी).

जॅकेट म्हणजे शेवटी नळी आहे. बाहेरचा घेर तुम्ही मोजता, पण अंग आत असतं. भिंत जाड झाली की आतला घेर कमी होतो, आणि तो जाडीच्या दुप्पट नाही तर २ गुणिले पाय (π, ३.१४) गुणिले जाडी इतका कमी होतो, म्हणजे जाडीच्या सव्वासहा पट. थर मिळून ४ मिलिमीटर धरले (आटलेली शाल आहे, असतील) तर २५ मिलिमीटर, बरोबर एक इंच गेला. हा एक इंच कापडात कुठे दिसत नाही, टेप लावला तरी दिसत नाही, घातल्यावरच कळतो.

आता तुमचा हिशोब. २० अधिक साडेदहा अधिक सव्वादहा, पावणेएकेचाळीस. तीन तुकड्यांचं मार्जिन प्रत्येकी एक इंच (दोन्ही बाजूंचं अर्धा अर्धा) वजा, पावणेअडतीस. त्यातून जाडीचा एक इंच, पावणेसदतीस. छाती ३८. पुढे बटणपट्टीला कापड एकमेकांवर यायला लागतं ते मी धरलेलंच नाही. म्हणजे तुम्ही ४२ चं जॅकेट शिवायला घेतलंत आणि पावणेसदतीसवर आलात. हे सगळं एका चुकीचं नाही, शिलाईने थोडं, अस्तराने थोडं, शालीने बरंच आणि जाडीने शेवटचं.

बाहीला हे जास्त लागेल. छातीला एक इंच गेला तरी खपतं, दंडाच्या नळीलाही तोच एक इंच जातो, नळी लहान असली म्हणून कमी जात नाही. बाही कापताना लक्षात ठेवा.

रंगीत_चिंधी
मंगळवार, सायं. ७:४४

हे वाचून मी पाच मिनिटं नुसती बसले. म्हणजे डेनिमच्या जॅकेटचं माप उतरवलं हेच मुळात चुकलं होतं, ते एका थराचं होतं.

नुसतीच_वाचक
मंगळवार, रात्री ८:३०

धागा पळवत नाहीये पण एक विचारू का? मुलीच्या फ्रॉकला छातीवर स्मॉकिंग करायचंय, हातानेच, जुन्या सुती साडीचं. कापड किती घ्यायचं? तिची छाती २२ आहे.

साडेतीन_मीटर
मंगळवार, रात्री ९:०५

स्मॉकिंग कापड खूप खातं, अडीच ते तीन पट धरा. फक्त पुढच्या भागाला करणार असाल तर पुढचा भाग तयार ११-१२ इंच हवा, म्हणजे ३० ते ३६ इंच रुंद घ्या. ठिपके आखून आधी चुण्यांचे धावदोरे ओढून घ्या, वरचं भरतकाम झाल्यावरच ते काढा. आणि तेच, गळा आणि मुंढा स्मॉकिंग झाल्यावर कापायचा. कापड पातळ घ्या, जाड कापडाच्या चुण्या पोरीच्या छातीवर उशीसारख्या उभ्या राहतात. जुनी साडी चांगलीच, पण उजेडासमोर धरून विरलेली नाही ना ते बघून घ्या.

खाडीपलीकडे
मंगळवार, रात्री १०:१५

दाभणकर म्हणतायत मध्यापासून बाहेर जायचं, मशीनला ते बरोबरच आहे, पण उलट जाणारीही माणसं आहेत आणि त्यांचं काम बघितलं की थक्क व्हायला होतं. आम्ही कारवारकडचे. आमच्याकडून घाट चढून गेलं की यल्लापूर, हल्याळ, मुंडगोड या भागात सिद्दी लोकांची वस्ती आहे. त्यांचे पूर्वज आफ्रिकेतून आणलेले, बरेचसे पोर्तुगीजांच्या काळात गोव्यामार्गे आले, घरात अजून एक प्रकारची कोंकणी बोलतात. त्यांच्या बायका जुन्या कपड्यांची गोधडी करतात तिला कवंदी म्हणतात. खाली एक अख्खी साडी, आणि वरचे तुकडे कडेपासून एकेक लावत, कडा आत दुमडत, धावदोरा घालत गोल गोल फिरत मध्यात येऊन संपवतात. कोपऱ्यांना दुमडलेल्या कापडाची त्रिकोणी फुलं असतात, ती नसली तर कवंदी पुरी झाली असं त्या मानत नाहीत.

मला नेहमी प्रश्न पडायचा की कडेकडून आत गेल्यावर मध्ये फुगा कसा येत नाही. मग एकीजवळ बसून बघितलं तेव्हा कळलं, वरचं कापड एकसंध नसतंच. तुकडा तिथल्या तिथे बसवायचा, जेवढी जागा उरली असेल तेवढाच, त्यामुळे उरलेलं कापड पुढे ढकललं जायला वावच नाही. आखणी नाही, पट्टी नाही, खडू नाही. आणि सगळं हाताने, त्यामुळे वरखाली ओढाओढही नाही. एकसंध इरकल वर घेऊन हे करायला गेलात तर मात्र मध्ये पिशवी होईल.

दाभणकर
मंगळवार, रात्री १०:४०

वा. तुकडा तिथल्या तिथे बसवायचा. आमच्या वाकळेला वरचं लुगडं अख्खंच असतं, ठिगळं नंतर फाटेल तशी बसतात, म्हणून आम्हाला हे सुचलं नसावं. बघायला पाहिजे एकदा.

मुक्काम_कॅल्गरी
बुधवार, सकाळी ६:५०

इथे आत्ता बाहेर उणे २२ आहे म्हणून थोडं अधिकारवाणीने बोलते. शिलाया एक एक इंचावर का मारल्या? कापड ऊब देत नाही, कापडांच्या मध्ये अडकलेली हवा देते. जितक्या जवळ शिलाया तितकी हवा दाबून बाहेर काढली. गोधडीत जवळजवळ धावदोरा घालतात तो ती वर्षानुवर्षं धुण्याला टिकावी, चिंध्या आत गोळा होऊ नयेत म्हणून. तुमच्याकडे आत चिंध्या नाहीत, अख्खी शाल आहे, तीन इंचावर शिलाई पुरली असती, कापडही कमी आत गेलं असतं.

दुसरं, स्कूटरवर गारठा लागतो तो वाऱ्याचा. लोकर कितीही चांगली असली तरी वारा आरपार जातो. इरकलची वीण घट्ट आहे, पुढच्या बाजूला तिच्या आत घट्ट विणीच्या पॉपलीनचा एक थर टाकला असता तर फरक पडला असता. इथे मी मऊ लोकर आत, घट्ट विणीचं बाहेर असंच घालते. आईने दिलेली गोधडी मात्र इथे सेंट्रल हीटिंगमध्ये नुसती सोफ्यावर पडून असते, तिच्यावर मांजर झोपतं.

साडेतीन_मीटर
बुधवार, सकाळी ९:२०

चला, आता दुरुस्तीचं बोलू. काल रात्री डोक्यात तेच फिरत होतं.

काहीही उसवू नका. आटलेली शाल उसवून पूर्वीची होणार नाही आणि इरकलवर जुन्या शिलायांची भोकं दिसतील, विशेषतः रेशमी पदर-काठाजवळ. जे तुकडे आहेत ते आहेत असं समजा. कमी पडलेलं बगलेतून भरून काढायचं. दोन्ही बाजूंना काखेपासून खालपर्यंत सरळ पट्टी घाला, तयार ३ इंच रुंद, म्हणजे कापताना ४. पावणेअडतीसला सहा मिळवले की पावणेचव्वेचाळीस, गिअरबॉक्स यांचा एक इंच वजा केला तरी पावणेत्रेचाळीस उरतात, बटणपट्टी जाऊनही कुर्त्यावर घालता येईल. पुढचे भाग लहानमोठे आहेत ना, सव्वादहाच्या बाजूची पट्टी पाव इंच जास्त ठेवा, काखेखाली कुणी बघत नाही.

पट्टी क्विल्ट करू नका. तिथे जाडी नको, हात खाली येतो. माझ्या मते खण घ्या, हिरव्या इरकलाला लाल किंवा जांभळा खण शोभेल, दोन्ही त्याच बागलकोट पट्ट्यातले, इरकल इलकलचं आणि खण गुळेदगुड्डचा, एकमेकांना परके नाहीत. खणाचा पन्हा अरुंद असतो पण तुम्हाला ४ इंचाच्या पट्ट्या हव्यात, एका खणात बाह्यांच्या खालचीही निघेल. खणाचे धागे फार सुटतात, कापल्या कापल्या इंटरलॉक करून घ्या.

बाहीला पण तसंच करा. बाही इरकल आणि सुती लुगडं एवढ्या दोनच थरांची करा, शाल नको, आणि खाली तीच खणाची पट्टी मनगटापासून काखेपर्यंत न्या, ती बाजूच्या पट्टीला येऊन मिळेल. काखेत दोन्ही पट्ट्या मिळतात तिथे चौकोनी तुकडा तिरका बसवा, जुन्या कुर्त्यांना असतो तसा, म्हणजे हात वर करताना अख्खं जॅकेट वर जाणार नाही.

दाभणकर
बुधवार, सकाळी १०:०५

आणि शिवण जोडताना मार्जिनमधली शाल शिलाईपर्यंत कापून काढ. चार थर अधिक चार थर मिळून दगड होतो तिथे. बाकीचे थर पण पायरी पायरीने कमी कर, सगळे एकाच रेषेत कापलेस तर बाहेरून वळ दिसतो. कडांना क्रॉस पट्टीचा गोट लाव आतून, तिरक्या कापडाचाच, सरळ पट्टी गळ्याच्या वळणावर बसत नाही. गोटाला ते सुती लुगडं वापर, मानेला मऊ लागेल.

उगाच_उसवले
बुधवार, सकाळी ११:३०

खण धुताना रंग सोडतो हां. आधी मिठाच्या पाण्यात ठेवा रात्रभर, पक्का होतो.

साडेतीन_मीटर
बुधवार, सकाळी ११:४५

मिठाने पक्का होत नाही हो. रंगवताना मीठ घालतात तेव्हा ते रंगाला धाग्यात जायला मदत करतं, रंगवून झाल्यावर नुसत्या मिठाच्या पाण्यात ठेवून काही चिकटत नाही. व्हिनेगरचंही तेच. जो जास्तीचा रंग असतो तो धुऊनच काढावा लागतो. ओल्या पांढऱ्या फडक्याने चोळून बघायचं, फडकं लाल झालं तर गार पाण्यात पाणी स्वच्छ येईपर्यंत धुवायचं, आणि तरीही येतच राहिलं तर तो खण जॅकेटला वापरायचा नाही, दिवाळीला ओटीत द्यायचा.

उगाच_उसवले
बुधवार, दुपारी १२:१०

आमच्या घरी तीन पिढ्या मिठाच्या पाण्यात घालतात.

साडेतीन_मीटर
बुधवार, दुपारी १२:१२

आणि तीन पिढ्या वेगळं धुतात ना लाल कपडे? 😄

दाभणकर
बुधवार, दुपारी १:३०

दोघींनी पुरे करा. चिंधी, इरकलचा काठ अंगापेक्षा घट्ट विणलेला असतो. धुतल्यावर तो आणि अंग वेगवेगळं वागतं, म्हणून काठ शिलाईच्या मधोमध येईल असा घेऊ नकोस, कडेला घे. बटणपट्टीला काठ छान दिसेल, त्याला बकरमही (आतलं कडक कापड) लागणार नाही.

रंगीत_चिंधी
पुढच्या रविवारी, सायं. ५:१५

अपडेट द्यायला आलेय. फोटो मोबाईलवरून चढत नाहीयेत, भावाला सांगितलंय.

जांभळा खण घेतला, रविवार कारंजाजवळच्या गल्लीत मिळाला. फडका टेस्ट केली, पास. मीठ नाही घातलं (सॉरी उसवलेताई). आधी भिजवला, तो स्वतः अर्धा इंच आटला, म्हणजे हे पण राहिलं असतं तर मी परत इथे रडत आले असते. पट्ट्या घातल्या. मार्जिनमधली शाल काढताना इतकी लोकर उडाली की आईला शिंका. बाह्या सैल झाल्यात, इंच धरून कापल्या ना, आता जरा जास्तच वाटतात पण आत स्वेटर जाईल. काखेतला चौकोन पहिल्यांदा उलटा बसवला, उसवला, परत बसवला, तिसऱ्यांदा बसला. डाव्या काखेत अजून एक कोपरा ओढतोय.

अंगात जातं!! बटणं लावायचीत अजून. पाठीवर त्या तिरक्या सुरकुत्या आहेत तशाच आहेत, इस्त्रीने थोड्या कमी झाल्या. आई म्हणाली आजीची वाकळ पण अशीच होती.

उरलेल्या चिंध्यांतून मी आधी एक फूटभराचा नमुना केला, तीन इंचावर शिलाया, कच्चे टाके, एकाच दिशेने. १२ चा पावणेबारा झाला. लिहून ठेवलंय वहीत.

मुक्काम_कॅल्गरी
पुढच्या रविवारी, रात्री ९:००

भारी! स्कूटरवर घालून बघितलंस का, वारा लागतो का सांग.

रंगीत_चिंधी
सोमवार, सकाळी ८:४०

आत्ताच आले. पुढून लागत नाही. बगलेतून लागतो, खण पातळ पडला.

साडेतीन_मीटर
सोमवार, सकाळी ९:१५

आतून फ्लॅनेलची पट्टी लावा, हाताने तुरपाई करून, मशीन नको. आणि डाव्या कोपऱ्यात चौकोनाच्या टोकापर्यंत मार्जिनला चीर दिली आहे का बघा, एक दोन धागे राहिले असतील, म्हणून ओढतोय.

नुसतीच_वाचक
सोमवार, सकाळी १०:०२

माझ्या स्मॉकिंगचे ठिपके कापडावर खडूने काढले ते हात लावून लावून पुसले गेले. कशाने आखायचे?

दाभणकर
सोमवार, सकाळी १०:३०

साबणाच्या वाळलेल्या तुकड्याने आख. धुतलं की जातं, आणि हाताने पुसत नाही. गडद कापड आहे ना पण?

नुसतीच_वाचक
सोमवार, सकाळी १०:४१

पांढरं आहे.